एक्सप्लोरर (१९६८ लघुपट)

एक्सप्लोरर हा भारत सरकारच्या फिल्म्स डिव्हिजन या संस्थेने १९६८ मध्ये निर्माण केलेला प्रायोगिक लघुपट आहे. त्याचे दिग्दर्शन प्रमोद पती यांनी केले. सुमारे सात मिनिटांच्या या कृष्णधवल लघुपटात कथानक नाही, पात्रे नाहीत आणि निवेदनही नाही. विज्ञान व तंत्रज्ञानाने वेढलेला, परंपरेच्या नादातून न सुटलेला आणि या दोन्हींच्या मध्ये अस्वस्थपणे वावरणारा तरुण हा त्याचा विषय आहे. शीर्षकाचा अर्थ शोधक किंवा शोधयात्री असा होतो.

भारतातील प्रायोगिक लघुपटांच्या इतिहासात एक्सप्लोररला महत्त्वाचे स्थान दिले जाते. धरणे, पोलाद कारखाने आणि वीजकेंद्रे यांचे गुणगान करणाऱ्या सरकारी संस्थेतूनच यंत्रयुगाविषयीची बेचैनी व्यक्त करणारा लघुपट तयार व्हावा, हे त्याचे वेगळेपण होय.

पार्श्वभूमी

फिल्म्स डिव्हिजनची स्थापना १९४८ मध्ये मुंबईत झाली. तिच्याकडे वार्तापट आणि अनुबोधपट तयार करण्याचे काम सोपविण्यात आले होते. नव्या राष्ट्राला स्वतःची ओळख करून देणे हे या चित्रपटांचे प्रयोजन होते आणि त्या ओळखीत यंत्राला मानाचे पान होते. धरणाच्या भिंतीवरून कोसळणारे पाणी, भट्टीतून ओतला जाणारा तप्त रस, शेतात फिरणारा ट्रॅक्टर आणि या सर्वांवर भारदस्त आवाजातील निवेदन असा एक साचाच तयार झाला होता. चित्रात काय दिसते आहे आणि त्याचा अर्थ काय घ्यावयाचा, हे दोन्ही निवेदकच सांगत असे. प्रेक्षकाला विचार करण्यास फारशी जागा उरत नसे.

१९६० च्या दशकाच्या मध्यास या साच्यावर टीका होऊ लागली. सरकारी प्रसारमाध्यमांच्या कामाचा आढावा घेण्यासाठी अशोक चंदा यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमण्यात आली. त्याच सुमारास, १९६५ मध्ये, जहांगीर ऊर्फ जाँ भावनगरी हे पॅरिसहून परतले आणि त्यांनी फिल्म्स डिव्हिजनचे प्रमुख सल्लागार म्हणून सूत्रे हाती घेतली. भावनगरी हे युनेस्कोच्या चित्रपट विभागातील अनुभवी अधिकारी होते. शिवाय ते मृत्तिकाशिल्पी आणि हौशी जादूगारही होते. सरकारी चाकोरीत असा माणूस अपवादानेच सापडतो. त्यांची ही कारकीर्द १९६७ पर्यंत, म्हणजे जेमतेम दोन वर्षांची होती. तरीही तिने संस्थेचे वातावरण पालटले. निवेदनाशिवाय चित्रपट करण्यास, सामान्य माणसाचे बोलणे जसेच्या तसे ऐकविण्यास आणि प्रसंगी सरकारी धोरणाविषयी शंका उपस्थित करण्यास दिग्दर्शकांना मोकळीक मिळाली.

चित्रकार एम. एफ. हुसेन यांचा थ्रू द आईज ऑफ अ पेंटर (१९६७), एस. एन. एस. शास्त्री यांचे आय अ‍ॅम ट्वेंटी (१९६७) व अँड आय मेक शॉर्ट फिल्म्स (१९६८), आणि के. एस. चारी व टी. ए. अब्राहम यांचा फेस टू फेस (१९६७) हे याच वातावरणातून निर्माण झालेले लघुपट होत. एक्सप्लोरर पूर्ण झाला तेव्हा भावनगरी संस्थेत नव्हते. परंतु त्यांनी उघडलेले दार अद्याप पुरते मिटलेले नव्हते.

दिग्दर्शक

प्रमोद पती यांचा जन्म १९३२ मध्ये ओडिशात झाला. त्यांनी तत्कालीन चेकोस्लोव्हाकियात बाहुली-सचेतपटाचे शिक्षण घेतले. निर्जीव बाहुली प्रत्येक चौकटीगणिक किंचित हलवून तिच्यात चैतन्य निर्माण करण्याची ही कला आहे. फिल्म्स डिव्हिजनमध्ये आरंभी त्यांनी प्रामुख्याने सचेतपटांचे काम केले. कुटुंबनियोजनासारख्या रुक्ष प्रचारविषयावरील क्लॅक्सप्लोजन (१९६८) आणि सिक्स फाइव्ह फोर थ्री टू (१९६८) या त्यांच्या छोट्या लघुपटांतही प्रचारापेक्षा खेळकर प्रयोगच अधिक लक्षात राहतो.

बाहुलीला माणसासारखे हलविण्यास शिकलेल्या या दिग्दर्शकाने पुढे माणसांना बाहुल्यांसारखे हलविले. जिवंत माणसाचे एकेक चौकट थांबून चित्रण करायचे आणि पडद्यावर तो यंत्रवत, झटके घेत हालत असल्याचा भास निर्माण करायचा, या तंत्रास पिक्सिलेशन म्हणतात. मुंबईच्या धावपळीवरील ट्रिप (१९७०) आणि चित्रकार आबिद सुरती यांच्यावरील आबिद (१९७२) या लघुपटांत पतींनी ते वापरले. कॅनडाचे नॉर्मन मॅकलॅरेन यांच्या नेबर्स (१९५२) या लघुपटामुळे हे तंत्र जगभर परिचित झाले होते. पती यांचे १९७५ मध्ये अल्पवयात निधन झाले.

स्वरूप

एक्सप्लोररचे कथन करता येत नाही. एखाद्या विद्यार्थ्याने त्याचा सारांश लिहावयास घेतला तर यादी हाती लागेल, लघुपट निसटून जाईल. तरुण-तरुणी बेभान होऊन नाचत आहेत. प्रयोगशाळेतील उपकरणे दिसतात. पूजाविधीची दृश्ये येतात. ॐकाराचे चिन्ह पडद्यावर चमकून जाते. ही दृश्ये एकामागून एक शांतपणे येत नाहीत. ती एकमेकांवर आदळतात. एक प्रतिमा डोळ्यांत ठरण्यापूर्वीच दुसरी तिला ढकलून देते. झूम भिंगाच्या झपाट्याने वस्तू अंगावर धावून येते आणि तितक्याच वेगाने मागे सरते.

ध्वनीची योजनाही अशीच आहे. फिल्म्स डिव्हिजनचे ते परिचित निवेदन येथे संपूर्णपणे अनुपस्थित आहे. त्याऐवजी संगीत आणि निरनिराळे ध्वनी यांची तुकड्यातुकड्यांनी केलेली जुळणी ऐकू येते. नाद चित्राला समजावून सांगत नाही. कित्येकदा तो चित्राशी भांडतो. परिणामी पडद्यावरील तरुण आनंदात आहे की त्रस्त आहे, प्रयोगशाळा त्याला मुक्त करीत आहे की जखडीत आहे, याविषयी प्रेक्षकाला कोणीही मार्गदर्शन करीत नाही.

वेगाची कल्पना येण्यासाठी थोडा हिशेब उपयोगी पडेल. बोलपटात दर सेकंदाला २४ चौकटी पडद्यावरून सरकतात. सात मिनिटांत त्यांची संख्या १०,०८० होते. ३५ मिलिमीटर फितीच्या एका फुटात १६ चौकटी बसतात, म्हणून सात मिनिटांच्या लघुपटाची लांबी सुमारे ६३० फूट भरते. तीन सेकंदांच्या दृश्यात ७२ चौकटी असतात व डोळ्याला ते सावकाश पाहता येते. तेच दृश्य चार-सहा चौकटींचे केले की डोळ्याला ते जाणवते, पण मनाला त्याचे नाव घेता येत नाही. एक्सप्लोररच्या संकलनाचे सामर्थ्य या अर्धवट जाणिवेत आहे. आज भ्रमणध्वनीच्या पडद्यावर बोटाने चित्रे सरकविणाऱ्या वाचकाला हा अनुभव अपरिचित वाटणार नाही. १९६८ मध्ये तो अपरिचित होता.

यंत्राविषयीची अस्वस्थता

एक्सप्लोररला तंत्रज्ञानविरोधी लघुपट म्हणणे चुकीचे ठरेल. त्यात यंत्राने माणसाचा बळी घेतल्याचे दृश्य नाही आणि खेड्याकडे परत चला असा उपदेशही नाही. तसेच परंपरेला वाचविणारी आई किंवा अडविणारी बेडी म्हणूनही दाखविलेले नाही. शास्त्राची उपकरणे आणि भक्तीची चिन्हे येथे सारख्याच वेगाने, सारख्याच आग्रहाने तरुणावर चाल करून येतात. विज्ञान आणि अध्यात्म यांचा सुरेख समन्वय हे त्या काळातील भाषणांचे आवडते सूत्र होते. लघुपट ते सूत्र मांडत नाही. समन्वय होत असल्याचा कोणताही पुरावा त्यातील प्रतिमांतून मिळत नाही.

अस्वस्थता निर्माण करणारे साधनही यंत्रच आहे, ही गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे. कॅमेरा, झूम भिंग आणि संकलनाचे टेबल यांच्यावाचून हा वेग शक्य नव्हता. त्यामुळे यंत्र हा लघुपटाचा विषय असून तेच त्याचे बोलण्याचे माध्यमही आहे. यंत्राच्या धाकाविषयी प्रेक्षकाला काही सांगितले जात नाही. तो धाक त्याच्या डोळ्यांना प्रत्यक्ष सोसावा लागतो.

ही बेचैनी आकाशातून पडलेली नव्हती. मुंबईजवळ तुर्भे येथे अप्सरा ही अणुभट्टी १९५६ मध्ये कार्यान्वित झाली होती. टाटा मूलभूत संशोधन संस्थेत टिफ्रॅक हा देशी बनावटीचा संगणक १९६० पासून काम करीत होता. म्हणजे फिल्म्स डिव्हिजनच्या कार्यालयापासून काही मैलांवरच नवे युग अवतरले होते. मात्र त्याचे भयही सोबत होते. आयुर्विमा महामंडळाच्या कार्यालयांत संगणक बसविण्यास कर्मचाऱ्यांनी कडवा विरोध केला. कोलकात्यातील आंदोलन विशेष गाजले. पुढे स्वयंचलनाच्या प्रश्नाचा विचार करण्यासाठी केंद्र सरकारने समिती नेमली आणि तिचे अध्यक्षपद पुण्याचे अर्थशास्त्रज्ञ वि. म. दांडेकर यांच्याकडे दिले. संगणक आल्यास हाताचे काम जाईल काय, हा प्रश्न तेव्हाच विचारला गेला होता.

महाराष्ट्रात तर लघुपटाच्या आदल्याच वर्षी, ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे, कोयनेचा भूकंप झाला. त्यात पावणेदोनशेच्या आसपास माणसे मृत्युमुखी पडली. धरणातील प्रचंड जलसाठा आणि भूकंप यांचा संबंध असावा, असे शास्त्रज्ञ म्हणू लागले. राज्याला वीज देणाऱ्या आणि अनुबोधपटांतून गौरविल्या जाणाऱ्या धरणप्रकारच्या रचनेकडे पाहण्याची लोकांची दृष्टी एका पहाटेत बदलली. (लातूर जिल्ह्यातील किल्लारी येथे ३० सप्टेंबर १९९३ रोजी झालेल्या भूकंपानंतर मराठवाड्यातही परिसरातील जलाशयाच्या संदर्भात हीच चर्चा झाली.) एक्सप्लोररमध्ये कोयनेचा उल्लेख नाही. तथापि तो ज्या महाराष्ट्रात तयार झाला, तो महाराष्ट्र यंत्राकडे केवळ कौतुकाने पाहत नव्हता, हे या घटनांवरून स्पष्ट होते.

सक्तीचे प्रदर्शन आणि मराठवाडा

फिल्म्स डिव्हिजनच्या लघुपटांना प्रेक्षक शोधावा लागत नसे. प्रत्येक चित्रपटगृहाने मुख्य चित्रपटापूर्वी मान्यताप्राप्त लघुपट किंवा वार्तापट दाखविलाच पाहिजे, अशी परवान्याची अट होती. अशा चित्रपटांची लांबी एका खेळास २,००० फुटांपर्यंत असे आणि त्यांच्यासाठी चित्रपटगृहाच्या मालकाला निव्वळ उत्पन्नाच्या एक टक्क्यापर्यंत भाडे भरावे लागे. सक्तीच्या प्रदर्शनाची ही कल्पना मुळात ब्रिटिश सरकारने दुसऱ्या महायुद्धाच्या काळात अमलात आणली होती. स्वातंत्र्यानंतर ती पुन्हा लागू करण्यात आली आणि १९९९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही ती वैध ठरविली.

या व्यवस्थेमुळे मुंबईत तयार झालेले लघुपट नांदेड, लातूर, परभणी येथील पडद्यांवर पोहोचत. त्या काळी लातूर हे उस्मानाबाद जिल्ह्यातील तालुक्याचे ठिकाण होते. स्वतंत्र लातूर जिल्हा १६ ऑगस्ट १९८२ रोजी अस्तित्वात आला. फिल्म्स डिव्हिजन की भेंट ही अक्षरे पडद्यावर आली की बाहेर चहा पिणाऱ्यांना मुख्य चित्रपटास अजून अवकाश असल्याची खूण पटे. जागेवर बसून राहणारेही कमी नसत. ज्या प्रेक्षकाला अनुबोधपट म्हणजे काय हे कोणी शिकविले नव्हते, त्याने भाक्रा धरण, भिलाईचा कारखाना आणि अणुभट्टी प्रथम पाहिली ती याच तिकिटात.

सामान्यतः या लघुपटांच्या निवेदनाची निरनिराळ्या भारतीय भाषांत आवृत्ती काढावी लागे. निवेदन नसलेल्या लघुपटाला भाषांतराची गरजच नसते. या अर्थाने एक्सप्लोररसारखा लघुपट मुंबईच्या जाणकाराला आणि मराठवाड्यातील अल्पशिक्षित प्रेक्षकाला एकाच पातळीवर आणतो, कारण दोघांनाही शब्दांचा आधार मिळत नाही. मात्र एक मर्यादा मान्य करावी लागते. या लघुपटातील तरुण शहरी आहे. त्याचे नाच, त्याचे कपडे, त्याच्या प्रयोगशाळा हे सारे महानगरातील आहे.

त्याच वर्षांत मराठवाड्यातील तरुणापुढे तंत्रज्ञान वेगळ्या रूपात उभे होते. विहिरीवरील डिझेल इंजिन, गावातील पिठाची गिरणी, रासायनिक खत आणि संकरित ज्वारी ही त्याची रूपे होती. ज्वारीचा सीएसएच-१ हा पहिला संकरित वाण १९६४ मध्ये प्रसारित झाला आणि वसंतराव नाईक यांच्या मुख्यमंत्रिपदाच्या काळात राज्यभर त्याचा पुरस्कार करण्यात आला. कणगी भरली, हे खरे. पण भाकरीला चव नाही आणि कडब्याला पूर्वीचा कस नाही, अशी तक्रारही घरोघर ऐकू येऊ लागली. हायब्रीड हा शब्द येथील बोलीत रुळला आणि पुढे तो थट्टेने नव्या पिढीलाही लावला जाऊ लागला. दिसायला भरघोस, आतून पोकळ, असा त्याचा भाव होता. पतींनी प्रतिमांतून जे मांडले, त्याच्याशी जवळीक असलेला हा लोकभाषेतील अभिप्राय होय.

तुलना

यंत्र आणि माणूस हा विषय चित्रपटकलेला नवा नाही. झिगा व्हर्टोव्ह यांच्या मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा (१९२९) मध्ये यंत्राचा उत्सव आहे, तर चार्ली चॅप्लिन यांच्या मॉडर्न टाइम्स (१९३६) मध्ये कारखान्याच्या पट्ट्यावर नट आवळणारा मजूर शेवटी यंत्राच्या दातेरी चाकांतच ओढला जातो. एक्सप्लोररशी सर्वांत जवळचे नाते सांगता येईल ते कॅनडातील आर्थर लिप्सेट यांच्या व्हेरी नाइस, व्हेरी नाइस (१९६१) आणि २१-८७ या लघुपटांशी. तेही एका सरकारी चित्रपट संस्थेत तयार झाले होते आणि त्यांतही तुटक प्रतिमा व विसंवादी ध्वनी यांच्या जुळणीतून आधुनिक जीवनाचे रितेपण सूचित होते.

भारतात या लघुपटाच्या शेजारी ठेवावी अशी कृती म्हणजे चित्रकार अकबर पदमसी यांचा सिझिजी. गणिती क्रमाने काढलेल्या रेषाचित्रांचा हा मूक लघुपट मुंबईतच, एक्सप्लोररनंतर अल्पावधीत तयार झाला. त्यात गणिताची शांतता आहे. पतींच्या लघुपटात कोलाहल आहे. शास्त्री यांच्या आय अ‍ॅम ट्वेंटीमध्ये स्वातंत्र्याबरोबर जन्मलेले तरुण कॅमेऱ्यासमोर स्वतःविषयी बोलतात. विषय जवळचा असला तरी रीत उलट आहे: तेथे तरुणाला वाणी आहे, येथे फक्त देह आणि गती आहे.

मराठीत हा विषय पुढे कथेच्या वाटेने आला. उमेश कुलकर्णी यांनी पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये केलेल्या गिरणी या लघुपटात घरात आलेल्या पिठाच्या गिरणीचा एका मुलाच्या बालपणावर पडणारा भार दिसतो. मंगेश जोशी दिग्दर्शित लेथ जोशी या पूर्ण लांबीच्या चित्रपटात संगणकनियंत्रित यंत्रे आल्यामुळे निरुपयोगी ठरलेला लेथ कारागीर मध्यवर्ती आहे. ही भूमिका चित्तरंजन गिरी यांनी केली आहे. या दोन्ही कृती एक्सप्लोररच्या परंपरेतल्या नाहीत, परंतु नव्या वाचकाला विषयाकडे नेण्यासाठी त्या सोप्या पायऱ्या ठरतात.

मूल्यमापन

लघुपटाविषयी दोन आक्षेप घेता येतात. प्रतिमांचा मारा इतका आहे की अर्थ हरवतो, हा पहिला; आणि पाश्चात्त्य प्रायोगिक चित्रपटाचे अनुकरण झाले आहे, हा दुसरा. दुसऱ्या आक्षेपात फारसे तथ्य नाही. तंत्र बाहेरून आले असले तरी ॐकार आणि प्रयोगशाळा यांचा संघर्ष आयात केलेला नाही. पहिला आक्षेप मात्र सहज झटकून टाकण्यासारखा नाही. लघुपट एकदा पाहून बहुतेकांच्या हाती केवळ थकवा लागतो. दुसऱ्यांदा पाहताना रचना दिसू लागते. चित्रपटगृहातील प्रेक्षकाला ही दुसरी संधी नव्हती.

पतींच्या निधनानंतर दीर्घ काळ त्यांच्या कामाची चर्चा थोड्या जाणकारांपुरतीच मर्यादित राहिली. एकविसाव्या शतकाच्या आरंभापासून शाई हेरेडिया यांनी सुरू केलेल्या एक्सपेरिमेंटा या महोत्सवासारख्या उपक्रमांतून भारतीय प्रायोगिक चित्रपटांकडे नव्याने लक्ष वेधले गेले आणि फिल्म्स डिव्हिजनचे १९६० च्या दशकातील लघुपट देशात व परदेशांत पुन्हा दाखविले जाऊ लागले. अभ्यासग्रंथही निघाले, पीटर सुटोरिस यांनी १९४८ ते १९७५ या कालखंडातील फिल्म्स डिव्हिजनच्या चित्रपटांत विकासाची कल्पना कशी मांडली गेली, यावर स्वतंत्र ग्रंथ लिहिला आहे. मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात नावीन्यपूर्ण प्रयोगासाठी पतींच्या नावाने पुरस्कार दिला जातो.

जतन आणि उपलब्धता

सक्तीच्या प्रदर्शनाची पद्धत हळूहळू मागे पडली आणि चित्रपटगृहांतून हे लघुपट दिसेनासे झाले. २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजनचे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीनीकरण करण्यात आले. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयही त्याच महामंडळाच्या अखत्यारीत गेले. हजारो चित्रपटांचा हा सार्वजनिक ठेवा नव्या व्यवस्थेत कसा सांभाळला जाईल, याविषयी अनेक चित्रपटकर्मींनी त्या वेळी जाहीरपणे चिंता व्यक्त केली होती. मुंबईतील पेडर रोडवरील फिल्म्स डिव्हिजनच्या आवारात, गुलशन महल या जुन्या वास्तूसह, भारतीय चित्रपटाचे राष्ट्रीय संग्रहालय २०१९ पासून सुरू आहे.

एक्सप्लोरर फिल्म्स डिव्हिजनच्या यूट्यूब वाहिनीवर ठेवण्यात आला होता व त्यामुळे तो मुंबईबाहेरच्या विद्यार्थ्यांनाही पाहता येऊ लागला. नांदेडच्या स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठासह राज्यातील अनेक विद्यापीठांत माध्यमशास्त्राचे शिक्षण दिले जाते. संकलन आणि ध्वनिसंयोजन शिकणाऱ्यांना हा लघुपट चौकटीगणिक थांबवून अभ्यासता येण्यासारखा आहे. १९६८ च्या प्रेक्षकाला ती सोय नव्हती. मात्र तो लघुपट त्याने मोठ्या पडद्यावर, अंधारात आणि शेकडो अनोळखी माणसांबरोबर पाहावा, अशाच हेतूने तो रचलेला आहे.